तेका बॉल कोणी दिल्यान?

२ जुलै २०००. बांद्यात सकाळपासून पावसाने झोड उठवली होती. युरो कपची फायनल आपल्याकडे रात्री साडेअकराला सुरू झाली तेव्हा घरात मी एकटाच जागा होतो. टीव्हीचा आवाज जेमतेम माझ्यापुरता ठेवलेला. फ्रान्स विरुद्ध इटली, मैदान रॉटरडॅमचं. ५५व्या मिनिटाला देल्वेक्किओने इटलीचा गोल केला आणि मग इटलीने, त्यांच्या परंपरेप्रमाणे, दार आतून लावून घेतलं. नव्वद मिनिटं संपली. वरची मिनिटंही संपत आली. इटलीच्या बाकावरची मंडळी मैदानात धाव घेण्याच्या बेतात उभी होती आणि सिल्व्हाँ विल्तोरने डावीकडून मारलेला बॉल गोलकीपर तोल्दोला चकवून आत गेला. १–१. मी उशी तोंडात धरून ओरडलो.

तेव्हा गोल्डन गोलचा नियम होता. जादा वेळात जो पहिला गोल करील तो जिंकला, सामना तिथेच संपला. दीड वाजून गेला होता. आणि लाईट गेली.

कोकणातल्या जुलैत लाईट जाणं ही तक्रार करण्याची गोष्ट नव्हे. फणसाची फांदी कुठेतरी तारेवर पडली असणार. मी अंधारात टीव्हीसमोर तसाच बसून राहिलो, आता येईल, आता येईल करत. बाहेर पावळ्यांचं पाणी धो धो पडत होतं. कधीतरी आतल्या खोलीतून बाबांचा आवाज आला, "काय रे, आजून निजूक नाय?" मी उठलो आणि झोपलो.

सकाळी रेडिओच्या बातम्यांत कळलं, फ्रान्स जिंकलं, गोल त्रेझेगेचा. पेपरात तर बातमी यायला आणखी एक दिवस लागला. गोल मी पाहिला तो दुसऱ्या रात्री, टीव्हीवरच्या खेळाच्या बातम्यांत. बाबा जेवून नुकतेच येऊन बसले होते. पडद्यावर डेव्हिड त्रेझेगे अंगातला शर्ट काढून धावत होता, निवेदक त्याचं नाव घेत होता. बाबांनी विचारलं, "तेका बॉल कोणी दिल्यान?"

मला सांगता आलं नाही. तेवढ्यात तेच दृश्य पुन्हा दाखवलं, आणि या वेळी मी डावीकडे पाहिलं. एक उंच, बारीक, काळ्या दाढीचा माणूस बॉल पायाशी ठेवून पेनल्टी एरियात शिरला. पावलं बाहेरच्या बाजूला फाकलेली, घड्याळात दहा वाजून दहा मिनिटं झाल्यासारखी. इटलीचे बचावपटू आडवे येत होते, तो त्यांच्यातून वाट काढत गोललाइनच्या दिशेने गेला आणि तिथून बॉल मागे ढकलला. त्रेझेगेने तो डाव्या पायाने जाळीच्या छतात मारला. १०३वं मिनिट.

पुढच्या दिवशीच्या पेपरात शोधून त्याचं नाव काढलं. रोबेर पिरेस. बाबांना सांगितलं तर ते म्हणाले, "पिरीस? म्हापशाच्या पिरीसांतलो?"

बाबांचा प्रश्न खरा होता. बांद्याहून पत्रादेवीचा नाका ओलांडला की गोवा लागतो, आणि त्या बाजूला पिरीस हे आडनाव आम्हाला परब-सावंतांइतकंच ओळखीचं. फ्रेंच माणसाचं आडनाव तसं का, हे मला पुढे कळलं. त्याचे वडील पोर्तुगालचे आणि आई स्पेनची. दोघं फ्रान्समध्ये आली, आणि २९ ऑक्टोबर १९७३ रोजी रीम्स शहरात रोबेरचा जन्म झाला. ज्या देशातून ते आडनाव गोव्यात आलं, त्याच देशातून ते रीम्सलाही गेलं होतं. गोव्यात चारेकशे वर्षं आधी पोचलं इतकंच.

बाबांविषयी थोडं सांगायला हवं, कारण फुटबॉल त्यांना फारसा कळत नसे. ते आमच्या वाडीच्या भजनी मंडळात पखवाज वाजवायचे. बुवा गायचे, लोक बुवांना ऐकायला यायचे, डबलबारी झाली तर कुठल्या बुवांनी बारी मारली याची चर्चा महिनाभर चालायची. पखवाजी कोण होता हे सहसा पखवाजीच एकमेकांना विचारायचे. बाबांचं सगळं लक्ष साथीकडे. गाणं ऐकतानाही ते मान हलवायचे ती बुवांच्या तानेला नव्हे. तान घेऊन बुवा समेवर येत असताना त्यांच्यासाठी जागा कोणी आणि कशी करून ठेवली, त्याला. म्हणून गोल पाहिल्यावर पहिला प्रश्न त्यांना तो पडला. मी मात्र त्याआधी दहा वर्षं फुटबॉल पाहत होतो आणि मला तो कधी पडला नव्हता.

त्या दिवसापासून मी पिरेसच्या मागे लागलो. आधीचं शोधू लागलो, पुढचं पाहू लागलो.

आधीचं शोधताना पहिलीच गोष्ट हाती लागली ती १९९८च्या वर्ल्डकपची. २८ जूनला लाँस शहरात फ्रान्स विरुद्ध पॅराग्वे. तो सामना मी पाहिला होता. ११४व्या मिनिटाला लोरां ब्लांने केलेला गोल हा वर्ल्डकपच्या इतिहासातला पहिला गोल्डन गोल, हेही मला पाठ होतं. तो कसा झाला ते मात्र लक्षात नव्हतं. क्रॉस पिरेसचा. त्यावर डोकं लावून बॉल खाली पाडला त्रेझेगेने. मग ब्लां. म्हणजे फ्रान्सला दोन स्पर्धांत तारणाऱ्या दोन्ही गोलांत हीच जोडी होती, आणि दोन्ही वेळा सुरुवात करणारा पिरेस राखीव खेळाडू म्हणून मैदानात आलेला. लाँसला तो पुढच्या फळीतल्या थिएरी ऑन्रीच्या जागी आला, रॉटरडॅमला ८६व्या मिनिटाला लिझाराझूच्या जागी. वर्ल्डकपच्या अंतिम सामन्यात त्याला एक मिनिटही मिळालं नाही. विश्वविजेत्या संघाच्या फोटोत तो आहे, पण ती रात्र त्याने बाकावरून पाहिली.

रीम्स हे फ्रेंच फुटबॉलचं जुनं घराणं. रेमों कोपा तिथला, ज्यूस्त फोंतेन तिथला. युरोपियन कपच्या १९५६ आणि १९५९ च्या फायनल या क्लबने खेळल्या आणि दोन्ही वेळा रेआल माद्रिदकडून हरला. पिरेस तिथे शिकत होता तेव्हा ते वैभव ओसरलं होतं, आणि नव्वदीच्या सुरुवातीला क्लबचं दिवाळंच निघालं. तो मेत्झला गेला. तिथे सहा हंगाम. १९९६ मध्ये लीग कप जिंकला. १९९८ मध्ये मेत्झचे आणि लाँसचे लीगमध्ये सारखे गुण झाले, आणि गोलांच्या फरकावर विजेतेपद लाँसला गेलं. मग मार्सेय. तिथेही पहिल्याच वर्षी लीगमध्ये दुसरा नंबर, तोही बोर्दोपेक्षा एका गुणाने मागे, आणि मॉस्कोत युएफा कपच्या फायनलमध्ये पार्माकडून ०–३ हार. दोन वर्षांत तीन वेळा काठावरून परत. मार्सेयच्या प्रेक्षकांचं प्रेम कडक असतं. त्या शहरात त्याला सुख लागलं नाही.

२००० च्या त्या उन्हाळ्यात मॅनेजर अर्सेन वेंगरने त्याला लंडनच्या आर्सेनल क्लबला आणलं. डाव्या बाजूला खेळणारा मार्क ओव्हरमार्स बार्सेलोनाला निघून गेला होता, त्याची जागा भरायची होती. पहिला सामना संडरलंडला. वेंगरने त्याला मुद्दाम बाकावर बसवलं, इंग्लंडमधला फुटबॉल कसा असतो ते आधी बघ म्हणून. पिरेसने पाहिलं ते धक्के, कोपरं, हवेतल्या बॉलसाठी एकमेकांवर आदळणारी अंगं. आर्सेनल ०–१ हरलं, त्यांच्या व्हिएराला लाल कार्ड मिळालं. आपण कुठे येऊन पडलो, असं त्याला झालं होतं हे त्याने नंतर अनेकदा सांगितलं आहे. संडरलंडचा मॅनेजर होता पीटर रीड. हे नाव पुढे पुन्हा येणार आहे.

पहिलं वर्ष त्याचं अवघडच गेलं. दुसऱ्या वर्षी, २००१–०२ च्या हंगामात, मी जे पाहिलं ते अजून डोळ्यांपुढून जात नाही. मी तेव्हा नोकरीसाठी पुण्यात आलो होतो, सदाशिव पेठेतल्या एका खोलीत आम्ही तिघं राहायचो आणि शनिवारी रात्री चौकातल्या ओळखीच्या दुकानात टीव्हीवर मॅच पाहायचो. पिरेस उजव्या पायाचा खेळाडू, पण त्याची जागा डावीकडे. आज ते सर्रास आहे. तेव्हा डावीकडचा माणूस म्हणजे रेषेच्या कडेने पळत जायचं आणि डाव्या पायाने क्रॉस टाकायचा, असा सगळ्यांचा समज. पिरेस रेषेवर उभा राहून हळूच आत सरकायचा. त्याने सोडलेल्या जागेत मागून ॲशली कोल धावत यायचा. पुढे ऑन्री मधली जागा सोडून डावीकडे उतरायचा. तिघांचा त्रिकोण सारखा फिरत राहायचा, आणि समोरच्या राइट बॅकला कळायचं नाही की आपण नेमकं कोणाला धरायचं. पिरेस फार वेगाने पळतोय असं कधी वाटायचंच नाही. फेंगडे पाय, खाली घसरलेले मोजे, काहीसं वाकलेलं अंग. चाल बघून वाटावं की हा शेतातून पायवाटेने घरी निघाला आहे. आणि मग कळायचं, बॉल गेलासुद्धा.

त्या हंगामात लीगमध्ये सर्वांत जास्त, १५ गोल त्याच्या पासवरून झाले. त्याने स्वतः ९ केले. तेही फक्त २८ सामन्यांत, कारण मार्चनंतर तो खेळूच शकला नाही.

२ मार्च २००२, न्यूकॅसल. डेनिस बर्गकॅम्पचा तो गोल फुटबॉल पाहणाऱ्या जवळजवळ प्रत्येकाने पाहिला आहे. बॉल एका बाजूने वळवला, स्वतः दुसऱ्या बाजूने फिरला, आणि अंगावरचा बचावपटू निकोस दाबिझास मधल्यामधे राहिला. त्या गोलावर किती लिहिलं गेलं आहे! तो बॉल बर्गकॅम्पकडे आला पिरेसकडून. मी ती फीत लावतो तेव्हा आधी पास पाहतो. खरं सांगायचं तर तो पास काही देखणा नव्हता, किंचित मागे पडलेला होता, आणि कदाचित म्हणूनच बर्गकॅम्पला ती अशक्य गिरकी घ्यावी लागली. साथीदाराची एखादी मात्रा मागेपुढे झाली की मोठा गवई त्यातूनच काहीतरी नवं काढतो, तसं. बाबांना हे मी फोनवर सांगितलं होतं. ते म्हणाले, "होता तसा."

१७ मार्च, ॲस्टन व्हिला. लांबून आलेला बॉल पिरेसने धावता धावता पायाच्या टोकाने बोआटेंगच्या डोक्यावरून उचलला, पलीकडे जाऊन तो जमिनीवर नीट बसायच्या आतच गोलकीपर श्मायकलच्या डोक्यावरून सोडला. दोन माणसं, दोघांच्याही डोक्यावरून. २३ मार्च, एफए कपमध्ये पुन्हा न्यूकॅसल, या वेळी आर्सेनलच्या घरच्या मैदानावर, हायबरीला. सुरुवातीलाच गोल केला. मग दाबिझासचा पाय आडवा आला, तो चुकवायला पिरेसने उडी मारली आणि उतरताना गुडघा वळला. बाकी काही नाही. कोणी त्याला लाथ मारली नव्हती. गुडघ्याचा क्रूशिएट लिगामेंट गेला.

सहा दिवसांत आयुष्यातल्या सर्वांत सुंदर गोलापासून स्ट्रेचरपर्यंत. त्या वर्षी इंग्लंडच्या फुटबॉल पत्रकारांनी त्याला सर्वोत्तम खेळाडू निवडलं, तेव्हा तो कुबड्यांवर होता. आर्सेनलने लीग आणि एफए कप दोन्ही जिंकले. ११ मेला हायबरीवर लीगचा चषक उचलायची पाळी त्याच्यावर आली तेव्हा ऑन्री, व्हिएरा, सगळा संघ त्याच्यासमोर कमरेत वाकून हात वरखाली करत राहिला, देवासमोर करावं तसं. पिरेस चषक धरून हसत होता. जो माणूस आयुष्यभर दुसऱ्याला पुढे पाठवत राहिला, त्याच्यापुढे ते सगळे वाकले होते. मला त्या दृश्यापाशी आजही थांबावं लागतं.

वर्ल्डकपला तो मुकला. फ्रान्स, म्हणजे गतविजेते आणि युरोपचे विजेते, तीन सामन्यांत एकही गोल न करता घरी गेले. झिदानही मांडीच्या दुखापतीमुळे पहिले दोन सामने खेळला नव्हता, आणि सगळे त्याबद्दलच बोलले. माझं मत विचाराल तर पिरेस नसणं तितकंच नडलं. त्या संघात त्रेझेगे होता, ऑन्री होता, सिसे होता. तिघेही त्या वर्षी आपापल्या लीगमधले सर्वाधिक गोल करणाऱ्यांत होते. गोल घालणाऱ्यांची कमतरता नव्हती.

परत आल्यावरचे तीन हंगाम म्हणजे लीगमध्ये १४, १४ आणि १४ गोल. मधल्या फळीतल्या माणसाचे! मे २००३ मध्ये एफए कपच्या फायनलचा एकमेव गोल त्याचा, साउदॅम्प्टनविरुद्ध कार्डिफला. त्याच्या दहा दिवस आधी त्याच साउदॅम्प्टनविरुद्ध त्याने लीगमध्ये तीन गोल केले होते, आणि तिथून सुरू झाली ४९ सामन्यांची ती न हरलेली मालिका. २००३–०४ चा अख्खा हंगाम आर्सेनल हरलं नाही. ३८ सामने, २६ विजय, १२ बरोबरी. टॉटनहॅमच्या मैदानावर २–२ करून लीग जिंकली, त्या दोनांतला एक व्हिएराचा, एक पिरेसचा. व्हिएराला बॉल बर्गकॅम्पने दिला होता, आणि पिरेसला व्हिएराने.

त्याच हंगामातली एक गोष्ट मला आजही सलते. पोर्ट्समथविरुद्ध आर्सेनल एका गोलाने मागे होतं, आणि पिरेस स्टेफानोविचच्या पायाशी पडला. पेनल्टी मिळाली, बरोबरी झाली. मी पुन्हा पुन्हा पाहिलं आहे. तो पडला नसता तरी चाललं असतं. न हरलेल्या हंगामाच्या पानावर तो डाग आहे, आणि ज्याच्यावर आपण जीव लावला त्याच्या हातून तो पडावा याचं वाईट वाटतं. बाबांना ते दाखवलं नाही.

उलट दुसरी पेनल्टी मी त्यांना दिवाळीत घरी गेल्यावर वर्णन करून सांगितली. २२ ऑक्टोबर २००५, मँचेस्टर सिटी. आर्सेनल पिरेसच्याच पेनल्टीवर १–० पुढे होतं. दुसरी पेनल्टी मिळाली. ती घ्यायला पुन्हा पिरेस. त्याने धाव घेतली आणि मारायच्या ऐवजी बॉल हलकेच पुढे सरकवायचा प्रयत्न केला, मागून ऑन्री धावत येऊन मारणार होता. १९८२ मध्ये क्रॉइफने आयॅक्सकडून येस्पर ओल्सनबरोबर असंच केलं होतं. पिरेसचा पाय बॉलला फक्त चाटून गेला. बॉल जागचा हलला न हलला. नियमाप्रमाणे त्याला पुन्हा हात, म्हणजे पाय, लावता येईना. ऑन्री पोचेपर्यंत गोंधळ झाला आणि पंचांनी सिटीला फ्री किक दिली. जग हसलं. कल्पना ऑन्रीची होती, हसं पिरेसचं झालं. मला मात्र ती संध्याकाळ फार जवळची वाटते. समोर एकटा गोलकीपर, बारा यार्ड, कोणाचाही अडथळा नाही, आणि अशा जागीही ह्या माणसाने पास द्यायचं कबूल केलं.

मग १७ मे २००६. चॅम्पियन्स लीगची फायनल, आर्सेनल विरुद्ध बार्सेलोना, आणि मैदान पॅरिसजवळचं स्ताद द फ्रान्स. त्याच्या देशात. दहा दिवस आधी हायबरीवरच्या अगदी शेवटच्या सामन्यात पहिला गोल त्यानेच केला होता. क्लब त्याला एकाच वर्षाचा करार देत होता, त्याला जास्त हवा होता, आणि बहुधा हा त्याचा शेवटचा सामना ठरणार हे दिसत होतं. आपल्याकडे सव्वाबारा वाजले होते रात्रीचे. १८व्या मिनिटाला गोलकीपर लेमानने पुढे येऊन एतोला पाडलं. लाल कार्ड. बाकावरचा गोलकीपर अल्मुनिया आत आणायचा तर कोणीतरी बाहेर जायला हवा.

चौथ्या पंचाने फलक वर केला. ७ नंबर.

मला त्यामागचं गणित समजतं. दहा माणसांनी सत्तर मिनिटं बार्सेलोनाला थोपवायचं तर पळणारे पाय हवेत. ऑन्रीला काढता येत नाही, ल्युंगबर्ग आणि ह्लेब जास्त धावतात. वेंगरच्या जागी कोणीही असता तरी त्याने कदाचित हेच केलं असतं. दहा जणांच्या आर्सेनलने सोल कॅम्पबेलच्या डोक्याने गोलही केला आणि शेवटच्या पंधरा मिनिटांत दोन खाऊन ते हरले. गणित समजतं म्हणून राग गेला असं झालेलं नाही. चूक लेमानची, शिक्षा संघाला, आणि ती भरायला बाहेर आला तो माणूस जो सहा वर्षं प्रत्येकासाठी जागा करत आला होता. कॅमेऱ्याने क्षणभर त्याचा चेहरा दाखवला. तो अजून समजून घेत होता की फलकावरचा नंबर आपलाच आहे. २८४ सामने, ८४ गोल, आणि त्याचं आर्सेनल असं, विसाव्या मिनिटाला संपलं. मी टीव्ही बंद केला नाही, पण पुढचा सामना मला नीट आठवत नाही.

फ्रान्सकडून तो त्याआधीच संपला होता. ७९ सामने, १४ गोल, शेवटचा ऑक्टोबर २००४ मध्ये. नवे प्रशिक्षक रेमों दोमेनेक यांच्याशी बिनसलं, पुन्हा बोलावणं आलं नाही. दोमेनेक खेळाडूंच्या राशी पाहतात आणि वृश्चिकवाले त्यांना चालत नाहीत, अशी चर्चा फ्रान्समध्ये वर्षानुवर्षं होती. पिरेसची सूर्यरास वृश्चिक. खरंखोटं ते जाणोत. २००६ च्या वर्ल्डकपच्या फायनलपर्यंत फ्रान्स त्याच्याशिवाय गेलं.

स्पेनमधल्या व्हियारेआलला तो गेला, आईच्या देशात. तिथे पाऊल ठेवतो न ठेवतो तोच पुन्हा गुडघा, पुन्हा कित्येक महिने बाहेर, वयाच्या बत्तिसाव्या-तेहतिसाव्या वर्षी. पुन्हा उभा राहिला. पन्नासेक हजार वस्तीच्या त्या गावाचा क्लब २००८ मध्ये ला लीगात दुसरा आला, बार्सेलोनाच्याही वर. पुढच्या वर्षी चॅम्पियन्स लीगमध्ये आर्सेनलशीच गाठ पडली आणि लंडनच्या प्रेक्षकांनी पिवळ्या शर्टातल्या पिरेससाठी उभं राहून टाळ्या वाजवल्या. मग काही महिने ॲस्टन व्हिला. मग करार संपले. तो आर्सेनलच्या सरावाच्या मैदानावर जाऊन तरुण पोरांबरोबर सराव करत राहिला, संघात नसताना, वर्षानुवर्षं. निवृत्ती जाहीर केली ती फेब्रुवारी २०१६ मध्ये, ४२व्या वर्षी.

पण त्याआधी तो आमच्याकडे येऊन गेला.

२०१४ च्या उन्हाळ्यानंतर बातमी आली तेव्हा मी दोनदा वाचली. इंडियन सुपर लीगचा पहिला हंगाम, एफसी गोवा, प्रशिक्षक झिको आणि खेळाडू रोबेर पिरेस. घरचं मैदान फातोर्डा. बांद्याहून दोन-अडीच तासांवर! आणि यादी पुढे वाचत गेलो तर डोकं गरगरायला लागलं. मुंबई सिटीकडे ल्युंगबर्ग, पॅरिसच्या त्या रात्री पिरेसऐवजी मैदानात राहिलेला. मुंबईचा प्रशिक्षक पीटर रीड, तोच संडरलंडचा. आणि एफसी पुणे सिटीकडे डेव्हिड त्रेझेगे. ज्या शहरातल्या खोलीत राहून मी पिरेसचे पास मोजले, त्या शहरात बालेवाडीला त्रेझेगे, आणि ज्या सीमेवर मी जन्मलो तिच्या पलीकडे पिरेस.

वय झालं होतं. त्याने आठेक सामने खेळले. ऐन दिवाळीत, लक्ष्मीपूजनाच्या रात्री, कोलकात्याविरुद्धच्या सामन्यात मध्यंतराला बोगद्यात बाचाबाची झाली. कोलकात्याच्या प्रशिक्षकाने आपल्याला मारलं असा पिरेसचा आरोप होता. शिस्तपालन समितीने दोघांनाही शिक्षा केली, पिरेसला दोन सामन्यांची बंदी आणि पाच लाखांचा दंड. तो परत आला. गोवा गुणतक्त्यात दुसरं आलं आणि सेमीफायनलला त्याच कोलकात्याकडून पेनल्टीवर हरलं. पुन्हा काठावरून.

त्या हंगामात एका संध्याकाळी चुलतभावाची गाडी काढून आम्ही फातोर्ड्याला गेलो. बाबांना बरोबर घेतलं. त्यांच्या बोटांना तेव्हा संधिवात होता, पखवाज दोन वर्षांपूर्वी मंडळातल्या एका मुलाच्या हवाली केला होता. म्हापसा, पणजी, जुवारीचा पूल, वेर्ण्याचा चढ, आणि मग मडगाव. स्टेडियमबाहेर ऑम्लेट-पावाच्या गाड्यांवर झुंबड. गोव्यात फुटबॉल पाहायला आजी-नातू एकत्र येतात. आमच्या शेजारी एक म्हातारी बाई बसली होती, ती दोन्ही संघांच्या पोरांना नावं घेऊन शिव्या देत होती आणि मध्येच बाबांना चणे देत होती.

सामन्याआधीचा सराव चालू होता. खेळाडू दोन-दोनच्या जोड्या करून बॉल सरकवत होते. मी काही बोलायच्या आधी बाबांनी बोट केलं. "ह्योच मा तो पिरीस?"

"कशावरून ओळखलात?"

"पायांवरसून."

दाढी पिकली होती, अंग थोडं सुटलं होतं. पावलं तशीच, बाहेरच्या बाजूला. समोरच्या पोराकडे तो बॉल देत होता, आणि प्रत्येक वेळी त्या पोराला पाय न हलवता मिळेल असा. बाबा ते पाहत राहिले. सामना सुरू झाल्यावरही त्यांचं लक्ष बॉलकडे नव्हतं. बॉल उजवीकडे असला तरी ते डावीकडे बघत होते.

परतताना रात्र झाली. म्हापसा मागे टाकल्यावर बाबा झोपले असं वाटलं. मी चुलतभावाला रॉटरडॅमची गोष्ट सांगत होतो, लाईट गेल्याची, आणि हेही की ज्याने तो गोल घातला तो त्रेझेगे याच लीगमध्ये पुण्याकडून खेळतोय.

मागच्या सीटवरून बाबांचा आवाज आला. "तो पुण्याक, आणि ह्यो हयसर?"

"हो."

थोडा वेळ ते काही बोलले नाहीत. पत्रादेवीच्या नाक्यावर ट्रकांची रांग होती, गाडी थांबली. तेव्हा ते म्हणाले, "मगे त्या दोघांका एकाच टीमीत कित्या नाय घेतल्यानी?"